कोलटकरांची गाणी : पाहिलेली कविता आणि ऐकायची राहिलेली

अरुण कोलटकर यांच्या कवितेची मराठी समीक्षा प्रामुख्याने डोळ्यांनी झाली आहे. जे. जे. कला विद्यालयातील शिक्षण, जाहिरातक्षेत्रात दृश्यसंयोजक म्हणून मिळालेली मान्यता, चित्रकारांचा सहवास हे चरित्रातील तपशील हाताशी असल्याने समीक्षकांनी या कवितेच्या वाचनासाठी प्रतिमा, अतिवास्तववाद, चित्रपटीय संकलन, मांडणीशिल्प अशा संज्ञांची साधने वापरली. ती चुकीची होती असे नाही. 'तक्ता'सारखी कविता तर मुळाक्षरांच्या भिंतीवरील चित्रांतूनच उभी राहते. तिथे डोळा बाजूला ठेवून काही हाती लागणे कठीण. परंतु एखाद्या साधनाला यश मिळाले की ते हळूहळू सिद्धान्ताची जागा घेऊ लागते. 'अरुण कोलटकरच्या कविता' (१९७७) या संग्रहातील घट्ट, प्रतिमांनी कोंदलेली रचना आणि 'चिरीमिरी' (२००३) या संग्रहातील सैल, बोलघेवडी, कथेकडे झुकलेली रचना यांमधील अंतर केवळ दृश्य-प्रतिमेच्या परिभाषेत स्पष्ट करता येत नाही. मधल्या पंचवीस वर्षांत कवीच्या कानाचे काय झाले, हा प्रश्न विचारावाच लागतो.

या प्रश्नाचे उत्तर शोधताना एक वस्तुस्थिती पुढे येते. १९६० च्या दशकाची अखेर आणि १९७० च्या दशकाचा आरंभ या काळात कोलटकरांनी इंग्रजीत गाणी लिहिली. ही संगीतासाठी रचलेली, ब्लूज आणि रॉक यांच्या चालीवर बेतलेली गाणी होती. त्यांतील काही त्यांनी संगीतकार मित्रांच्या साथीने ध्वनिमुद्रितही केली. लंडनमधील संगीतव्यवसायापर्यंत ती पोचावीत असे प्रयत्न झाले आणि ते फसले. अरविंद कृष्ण मेहरोत्रा यांनी संपादित केलेल्या 'द बोटराईड अँड अदर पोएम्स' (२००९) या मरणोत्तर संग्रहात ही शब्दरचना स्वतंत्र विभाग करून छापली गेली. प्रकाशक अर्थातच अशोक शहाणे यांचे 'प्रास'. इंग्रजी रॉकगीते मराठी लघुअनियतकालिकांच्या परंपरेतून आलेल्या प्रकाशनाने छापावीत, ही गोष्ट वरवर गमतीची वाटली तरी तीच या विषयाची किल्ली आहे.

कवीचे तरुणपणीचे वेड म्हणून ही गाणी चरित्राच्या तळटीपेत ढकलता येतील. तसे करणे सोयीचेही आहे. कारण त्यामुळे दोन कोलटकर शाबूत राहतात, एक मराठीचा आणि एक 'जेजुरी'चा (१९७६), आणि तिसऱ्याची अडचण होत नाही. परंतु ज्या वर्षांत 'जेजुरी' घडत होती, मराठी संग्रहाची जुळवाजुळव चालली होती, त्याच्या अगदी लगतच्या वर्षांत तोच लेखक पखवाज शिकत होता, रेकॉर्डी जमवत होता आणि गीतकार होण्याचा गंभीर प्रयत्न करत होता. कवीच्या कार्यशाळेतील हा एक मोठा कालखंड होय. तो वगळून उरलेल्या कालखंडांची संगती लावणे पद्धतिशास्त्राच्या दृष्टीनेही धोक्याचे आहे.

'प्रतिसंस्कृती' ही संज्ञा येथे जपून वापरली पाहिजे. अमेरिकेतील रॉकसंगीताने ज्या प्रतिसंस्कृतीला आवाज दिला तिच्यामागे व्हिएतनाम युद्ध, सक्तीची सैन्यभरती, नागरी हक्कांचा लढा आणि युद्धोत्तर सुबत्तेला विटलेली विद्यार्थ्यांची पिढी होती. मुंबईत यांपैकी काहीच तसेच्या तसे नव्हते. येथे आला तो तिचा ध्वनी, आणि तोही तुकड्यातुकड्यांनी. जॉर्ज हॅरिसनने जानेवारी १९६८ मध्ये मुंबईच्या एचएमव्हीच्या स्टुडिओत भारतीय वादकांसह ध्वनिमुद्रण केले. १९७२ साली लेड झेपलिनचे जिमी पेज आणि रॉबर्ट प्लँट मुंबईत आले, येथील वादकांबरोबर त्यांनी मुद्रण केले आणि कुलाब्याच्या एका डिस्कोथेकमध्ये एका रात्री वाजवले. स्थानिक बीट-वाद्यवृंदांच्या ज्या स्पर्धा १९७० आणि १९७१ साली गाजल्या त्या 'सिमला' नावाच्या सिगरेटच्या जाहिरातीसाठी भरवलेल्या होत्या. १९७४ साली 'जीझस ख्राइस्ट सुपरस्टार' मुंबईच्या रंगभूमीवर आणणारे अलेक पदमसी हे जाहिरातक्षेत्रातलेच. थोडक्यात, मुंबईत रॉकसंगीत आणि जाहिरात ही परस्परविरोधी विश्वे नव्हती. दुसऱ्याच्या पैशावर आणि कल्पकतेवर पहिले उभे होते. दिवसा जाहिरातसंस्थेत काम करणारा आणि संध्याकाळी ब्लूज रचणारा कोलटकर या शहरात विसंगत ठरत नाही. विसंगती दिसते ती अमेरिकन प्रतिमान जसेच्या तसे लावणाऱ्या अभ्यासकाला.

त्या काळातील पाश्चात्त्य हिप्पी मुंबईहून गोव्याला जात, ते बहुधा भाऊच्या धक्क्यावरून सुटणाऱ्या आगबोटीने. अलिबागचा जलदुर्ग, कोर्लई, जंजिरा हा सारा किनारा त्यांच्या डाव्या हाताला सरकत जाई. रायगड तेव्हा कुलाबा जिल्हा होता. आजचे नाव त्याला १९८१ साली मिळाले. त्या प्रवाशांच्या प्रतिसंस्कृतीत हा किनारा एक दृश्य होता, तेथील माणसांची बोली तिच्यात नव्हती. कोलटकरांची 'द बोटराईड' ही १९६० च्या दशकातील दीर्घ इंग्रजी कविता याच बंदरातली. तिच्यातील नाव मात्र कुठेच जात नाही. गेटवेहून निघते, बंदरात फेरी मारते आणि पुन्हा गेटवेच्याच पायऱ्यांना लागते. घारापुरी, उरण, मांडवा ही पैलतीरावरची रायगडची टोके. त्या तीराला तिला लागायचेच नाही. सुटकेच्या प्रवासाचे जे मिथक रॉकसंगीताने जोपासले, त्याची ही कविता शांतपणे थट्टा करते. जाण्याला महत्त्व देणाऱ्या काळात ती फेरीचे, म्हणजे परत येण्याचे, बारकाईने निरीक्षण करते.

मराठीत प्रतिसंस्कृती म्हणण्याजोगे जे घडले त्याचे वाद्य गिटार नव्हते. ते सायक्लोस्टाइलचे यंत्र होते. १९५४ ते १९६० या काळात कोलटकर, दिलीप चित्रे, रमेश समर्थ आदींनी चालवलेला 'शब्द', पुढे शहाण्यांचा 'असो', नेमाड्यांची 'वाचा', राजा ढाले यांचे 'येरू', आणि १९७२ साली नामदेव ढसाळांचा 'गोलपिठा' व त्याच वर्षीची दलित पँथर, या क्रमाने पाहिले तर प्रस्थापिताविरुद्धचा आवाज येथे छापील पानावर, पण बोलीच्या उच्चारात उमटला. अ‍ॅलन गिन्सबर्ग १९६२-६३ मध्ये भारतात असताना मुंबईतील या मंडळींशी त्याचा संबंध आला. परंतु त्या भेटीला कारण मानून सगळे प्रकरण तिच्यापासून मोजण्याची जी सवय इंग्रजी लेखनात दिसते ती कालक्रमालाच सोडून आहे. गिन्सबर्ग येण्यापूर्वी 'शब्द' बंदही पडला होता.

युनिस डिसूझा यांना दिलेल्या मुलाखतीत प्रभावांविषयी विचारले असता कोलटकरांनी नावांची एक लांबलचक यादीच सादर केली. ती सुप्रसिद्ध आहे. परंतु ती बहुतेकदा कवीच्या मिस्किलपणाचा नमुना म्हणून उद्धृत होते आणि तिथेच सोडून दिली जाते. यादी नीट पाहिली तर तिच्यात एक रचनातत्त्व दिसते. ज्ञानेश्वर, नामदेव, जनाबाई, तुकाराम आहेत; रामजोशी, होनाजी, पठ्ठे बापूराव आहेत; चक्रधर आणि गोडसे भटजी आहेत; बहिणाबाई चौधरी आहेत; बळवंतबुवा आहेत. त्याचबरोबर रॉबर्ट जॉन्सन, मडी वॉटर्स, लेडबेली, हाउलिंग वुल्फ, जॉन ली हूकर, लाइटनिंग हॉपकिन्स, वुडी गथ्री, बॉब डिलन, जॉन लेनन हेही आहेत. यांतील मोठा गट गाणाऱ्यांचा किंवा बोलणाऱ्यांचा आहे. ज्यांचे वाङ्मय तोंडातून निघाले आणि दुसऱ्या कुणीतरी टिपले, अशांचा. चक्रधरांचे शब्द म्हाइंभटांनी जमवले. मिसिसिपीच्या ब्लूजगायकांचे आवाज तबकड्या करणाऱ्या कंपन्यांनी आणि लोकसाहित्याच्या संग्राहकांनी पकडले. हे दोन व्यवहार एकाच पंगतीत बसवण्याची कल्पना मराठी समीक्षेला सुचलेली नव्हती. कवीला ती यादीच्या रूपात सुचली आणि थट्टा म्हणून खपून गेली.

ब्लूज आणि अभंग यांच्या नात्याविषयी बोलताना आध्यात्मिक साम्याच्या घसरणीवर न जाता रचनेपाशी थांबणे बरे. ब्लूजच्या रूढ बंधात पहिली ओळ म्हटली जाते, तीच ओळ किंचित फरकाने पुन्हा म्हटली जाते आणि तिसरी ओळ उत्तर म्हणून येते. पुनरुक्त ओळ अर्थाच्या दृष्टीने अनावश्यक, पण गाणाऱ्याला तिसरी ओळ सुचेपर्यंत अवधी देणारी. भजनात अग्रणी चरण म्हणतो आणि टाळकरी तो उचलतात. तिथेही पुनरुक्तीच समूहाला आत घेते. मोठ्या अभंगाच्या सहा-सहा-सहा-चार अक्षरांच्या बंधात चौथा आखूड चरण श्वास तोडतो आणि पुढच्या कडव्याला जागा करतो. शिवाय नाममुद्रा. संतकवी अखेरीस स्वतःचे नाव घालतो, तसे रॉबर्ट जॉन्सनही गाण्यात स्वतःला तिऱ्हाइतासारखे नावाने संबोधतो. 'मी' म्हणत असतानाच स्वतःकडे बाहेरून पाहण्याची ही युक्ती दोन्हीकडे निरक्षर श्रोत्यांसमोर सिद्ध झाली. पखवाज अर्जुन शेजवळांकडून आणि भजनाचा संस्कार बळवंतबुवांकडून घेणाऱ्या कवीला ब्लूजच्या तबकडीत परके काही ऐकू आले असेल, असे मानण्याचे कारण नाही.

प्रत्यक्ष गाण्यांचे मूल्यमापन मात्र कठोरपणेच करावे लागते. छापील पानावर त्यांतील बरीच विरळ वाटतात. याला गाण्याच्या शब्दांना चालीविना छापल्याचे एक कारण आहे. पण ते संपूर्ण कारण नव्हे. अमेरिकन रस्त्यावरची इंग्रजी मुंबईच्या तोंडी घालताना काही ठिकाणी नक्कल उघडी पडते आणि बोलणारा माणूस कुठला हे कळेनासे होते. जिथे कोलटकर दारुड्या, कफल्लक, दारोदार फिरणारा असा एखादा वक्ता पक्का पकडतात तिथे गाणे सावरते. म्हणजे या गाण्यांचे बळ भावगीतात नाही, नाट्यात्म स्वगतात आहे. कवी स्वतः बाजूला होतो आणि बोलणाऱ्याला रिंगणात उभे करतो. रॉकसंगीताने नायकाला, म्हणजे गायकाच्या व्यक्तिमत्त्वाला, जे प्रचंड स्थान दिले त्याच्या अगदी उलट ही प्रवृत्ती आहे. ज्याच्या घरी टेलिफोन नव्हता, जो मुलाखती टाळत असे, जो पुस्तके छापायला वर्षानुवर्षे लावी, त्याला 'स्टार' होणे कसे जमावे? लंडनचा प्रयत्न फसला याचे व्यावहारिक कारण काहीही असो. गाण्यांच्या पोटातच त्या व्यवसायाशी न जुळणारे काहीतरी होते.

येथे एक आक्षेप विचारात घेतला पाहिजे. स्वगताची ही पद्धत रॉकसंगीताने दिली असे म्हणणे कालविपर्यास होईल. मुंबईच्या हिंदीत लिहिलेली 'मै मॅनेजर को बोला' ही कविता गाण्यांच्या कितीतरी आधीची, १९६० च्या सुमाराची आहे. तिचे कोलटकरांनीच केलेले 'थ्री कप्स ऑफ टी' हे इंग्रजी रूप अमेरिकन टपोरी बोलीत उतरले, आणि मूळ मुंबई-हिंदी व हे इंग्रजी रूप यांत मूळ कोणते असा प्रश्न वाचकाला पडावा इतके दोन्ही एकजीव आहेत. १९६६ साली 'पोएट्री इंडिया'त आलेल्या त्यांच्या तुकारामाच्या इंग्रजी अनुवादांतही तोच खरखरीत, बोली स्वर आहे. तेव्हा गाण्यांनी कोलटकरांना बोली दिली असे म्हणता येत नाही. गाण्यांनी दिली ती लांबी. 'मै मॅनेजर को बोला' हा एक प्रसंग आहे, चटकन संपणारा. एकच आवाज कडव्यामागून कडवे, पुनरुक्तीचा आधार घेत, श्रोत्याला धरून ठेवून कसा चालवायचा, याचा सराव पहिल्या मराठी संग्रहात आढळत नाही. तो गाण्यांत आढळतो, आणि त्यानंतर 'चिरीमिरी'त.

'चिरीमिरी'त बळवंतबुवा वेश्यांना घेऊन पंढरीच्या यात्रेला निघतात. विषयाच्या या धाडसाविषयी पुष्कळ बोलले गेले. परंतु धाडस विषयात जेवढे आहे त्यापेक्षा अधिक ते सूर लावण्यात आहे. विठ्ठलाशी, बायकांशी, श्रोत्याशी एकाच पातळीवर बोलणारा निवेदक येथे भाषेचा संपूर्ण ताबा घेतो. त्याचे वाक्य लांबते, मागे वळते, तेच पुन्हा म्हणते आणि मग अनपेक्षित ठिकाणी टाळी घेते. प्रतिमा जवळजवळ नाहीशा झाल्या आहेत. पहिल्या संग्रहाच्या मोजपट्टीने पाहणाऱ्या काही वाचकांना ही उतरण वाटली, आणि ती त्यांची प्रामाणिक प्रतिक्रिया होती. कारण हातात डोळ्याचेच साधन होते. कानाने वाचले असता येथे ब्लूजगायकाचा तो फसवा सैलपणा ओळखू येतो, जो गाताना सहज वाटतो आणि ज्याची मात्रा कधी चुकत नाही. 'भिजकी वही'तील (२००३) कसांड्रा, हायपेशिया आदी स्त्रियांच्या शोकांची मालिकाही पुनरुक्तीच्या याच बळावर उभी आहे, आणि 'काळा घोडा पोएम्स'मध्ये (२००४) कचऱ्यालाही गाणे मिळते. या तीनही पुस्तकांच्या मागे तीस वर्षांपूर्वीचा एक फसलेला गीतकार उभा आहे.

मग मराठी समीक्षेने हे ऐकले का नाही? याची दोन कारणे दिसतात आणि ती परस्परविरोधी गोटांतून आलेली आहेत. नवकाव्याच्या आगमनानंतर 'गेयता' हा दोष नसला तरी दुय्यम गुण ठरला. मर्ढेकरांनी ओवी-अभंगाचे बंध वापरले तरी ते वाचण्यासाठी वापरले, असा समज रूढ झाला. गाणे आकाशवाणीच्या भावगीताकडे गेले आणि कविता नियतकालिकाकडे. या वाटणीत कवीचे गाणे म्हणजे उतारवयाचे किंवा उपजीविकेचे काम. दुसरीकडे देशीवादी भूमिकेला इंग्रजीत ब्लूज लिहिणारा मराठी कवी हा उसनवारीचा पुरावाच वाटावा. परंतु अमेरिकन दक्षिणेतील गुलामगिरीच्या वारसांचे गाणे 'पाश्चात्त्य' या एका शब्दात बसवणे देशीवादालाही शोभणारे नाही. ते गाणे त्या भूमीतले देशीच होते, आणि तेथील अभिजनांनीही त्याला दीर्घकाळ वाङ्मय मानले नव्हते. कोलटकरांच्या यादीत नेमाड्यांचे नाव ब्लूजगायकांच्या सोबतीला आहे, हे या संदर्भात विसरू नये. डिलनला २०१६ साली नोबेल मिळाल्यावर मराठीतही गाणे आणि कविता यांवर चर्चा झडली. ती डिलनपुरती राहिली.

येथे नंदू भेंडे यांचे उदाहरण विचारात घेण्यासारखे आहे. आत्माराम व आशा भेंडे यांच्या नाट्यकुटुंबातील हा गायक मुंबईच्या रॉकसंगीतात खराखुरा आत होता. पदमसींच्या 'सुपरस्टार'मधला ज्युडास त्याचाच. १९७८ साली जब्बार पटेल यांनी दिग्दर्शित केलेल्या, पु. ल. देशपांडे यांनी ब्रेख्तवरून रचलेल्या 'तीन पैशाचा तमाशा'त तो अंकुश झाला आणि मराठी प्रेक्षकाने नाट्यपद, तमाशा व रॉक एकाच रात्री ऐकले. ब्रेख्त हाही कोलटकरांच्या यादीतला. तेव्हा मराठीला रॉकचा सूर सोसत नव्हता असे नाही. रंगभूमीवर गाणाऱ्याला पात्राचे नाव असते आणि आवाज उसना आहे हे प्रेक्षकाला मान्य असते, म्हणून तिथे तो सोसला. भेंडे यांना रंगमंच मिळाला. कोलटकरांकडे गाणी होती, पात्रे होती, मंच नव्हता. मुंबईचा इंग्रजी श्रोता परदेशी गाणी ऐकण्यात गुंतलेला आणि मराठी श्रोत्यापर्यंत ती भाषा पोचणारी नव्हती.

इंग्रजीतील अलीकडच्या अभ्यासांनी, विशेषतः लेतिसिया झेकिनी (२०१४) आणि अंजली नेर्लेकर (२०१६) यांच्या पुस्तकांनी, कोलटकरांची द्वैभाषिकता आणि साठोत्तरी मुंबईचा मुद्रणव्यवहार यांचा विचार पुष्कळ पुढे नेला आहे. मराठी अभ्यासकाला जे काम सहज साधण्यासारखे आहे ते मात्र वेगळे आहे : 'चिरीमिरी'तील निवेदकाच्या वाक्याची लय आणि बळवंतबुवांच्या भजनपरंपरेतील उचल यांची चरणशः तुलना. त्यासाठी पखवाजाचे बोल ठाऊक असलेला वाचक हवा. शिवाय गाण्यांच्या छापील संहितेत चालींची नोंद नाही. त्यामुळे तो विभाग वाचताना, पहिली ओळ दुसऱ्यांदा कुठे म्हटली गेली असेल आणि कुठे ती छपाईत एकदाच उरली असेल, हा पाठचिकित्सेचा प्रश्न गाथेच्या संपादकाला पडतो तसाच येथेही पडतो.